बाल्कनीतलं छापायचं नाही

किशोरवयीन मुलांचं मन जाणणारी लेखिका अशी जिची ख्याती होती, तिच्या घरात एक किशोरवयीन मुलगी राहत होती. याला योगायोग म्हणणारे लोक भोळे. कच्चा माल घरचाच होता, आणि तो कारखान्यापर्यंत आणायलाही खर्च येत नव्हता. मुलगी आठ वर्षांची असताना शाळेच्या सहलीत तिनं बसमध्ये उलटी केली आणि ती शेजारणीनं केली असं खुशाल सांगून टाकलं. घरी येऊन तिनं रडत रडत आईला खरं सांगितलं. आईनं तिला पोटाशी धरलं, समजावलं, डोळे पुसले. पुढच्या वर्षी ती उलटी पान बत्तीसवर आली.

पुस्तकातल्या मुलीला सगळे मिरची म्हणत. मिरचीचे केस कुरळे होते, आणि मुलीचे सरळ. केस कुरळे केले की माणूस ओळखू येत नाही, अशी आईची प्रामाणिक समजूत होती, आणि त्या समजुतीवर तिनं चार कादंबऱ्या तारून नेल्या. चार भागांत मिरचीचं अंथरूण ओलं होणं थांबलं, तिनं गणितात नापास होऊन बाबांची सही स्वतःच ठोकली, पहिल्यांदा पाळी आली तेव्हा घाबरून ग्रंथालयाच्या मागच्या बाकावर दडून बसली. वाचक मुली मुळुमुळु रडल्या. समीक्षकांनी 'कुटुंब आणि स्वत्वाचा शोध' असं लिहिलं. खऱ्या मुलीला स्वत्व शोधायला जायची गरजच उरली नाही. ते शाळेच्या ग्रंथालयात शिक्का मारून कपाटात ठेवलेलं होतं आणि कोणीही घरी नेऊ शकत होतं. वर्गात तिला मिरचीच म्हणत. एखादी नवी शिक्षिका पहिल्या दिवशी तिच्याकडे जरा जास्तच मायेनं बघायची, आणि मुलीला कळायचं, बाईंनी दुसरा भाग वाचलाय.

घरातले बाकीचेही सुटले नव्हते. मामा पहिल्या भागात 'थापाड्या मामा' म्हणून आला. त्याच्या होणाऱ्या सासऱ्यांना वाचनाची आवड होती, त्यामुळे ते सासरे झाले नाहीत. तेव्हापासून मामा बहिणीकडे आला की फक्त हवेबद्दल बोलायचा: आज गरम आहे, उद्याही असेल. बाबांचं चष्म्याचं दुकान होतं. दिवसभर गिऱ्हाइकांशी गोड बोलणारा हा माणूस घरी आल्यावर 'हं' वर आला होता. 'हं' छापून कोण काय वाकडं करणार! आजी तेवढी मजेत होती. तिला छापून यायला आवडायचं. ती सकाळपासून एखादं वाक्य मनात घोळवायची आणि जेवायच्या वेळी घसा खाकरून सोडायची. "आयुष्य भांड्यासारखं असतं, पोरी. घासलं की चमकतं." एवढं बोलून ती सुनेकडे तिरप्या नजरेनं बघायची, घेतलं का म्हणून.

तिसऱ्या भागानंतर घरात बंड झालं. मुलगी दोन दिवस जेवली नाही, आणि बाबांनी कित्येक महिन्यांतलं आपलं सर्वांत लांब वाक्य उच्चारलं: "बाल्कनीत बोललेलं छापायचं नाही." आईनं ते मान्य केलं. ती दिलेला शब्द मोडणारी बाई नव्हती. बिचारीला जे मिळालं ते वापरायची सवय होती, एवढंच.

तर त्या दिवसापासून अख्खं घर बाल्कनीत राहायला गेलं. बाल्कनी ती केवढी! कपडे धुवायचं यंत्र, मोडकी सायकल, वर दोऱ्यांवर ओले टॉवेल, आणि त्यांच्यामध्ये बाबा, मुलगी आणि आलाच तर मामा, एकमेकांच्या पायावर पाय देत मनमोकळ्या गप्पा मारत उभे. आत बैठकीच्या खोलीत भलामोठा सोफा रिकामा, पंखा कोणासाठी फिरतोय त्याचा पत्ता नाही. शेजाऱ्यांना वाटायचं, या लोकांच्या घरात ढेकूण झालेत. आई दाराशी येऊन विचारायची, "मी येऊ का?" सगळे लगेच सरकून जागा करायचे आणि गप्प व्हायचे. अविश्वास नव्हता, जिभेलाच तसं वळण लागलं होतं. मग आई टॉवेल चाचपून 'वाळलेत की' म्हणायची आणि आत जायची.

परिणाम व्हायचा तोच झाला. आईच्या वाट्याला आजीची भांडी आणि बाबांचं हं, एवढंच आलं. चौथा भाग जुन्या साठ्यावर निघाला, पाचवा अडला. प्रकाशकांचा फोन यायचा. "मिरची पंधराची झाली, बाई. आता काहीतरी घडायला हवं. प्रेम म्हणा, पळून जाणं म्हणा. अगदीच काही नाही तर आजीला तरी वर पाठवा." फोनचा आवाज मोठा होता. आजी त्या दिवशी जेवली नाही.

आईनं आपल्या परीनं प्रयत्न केले. ती मुलीच्या खोलीत दार न वाजवता शिरायची, म्हणजे मुलगी चिडेल. मुलगी उठून दार हळूच लावून घ्यायची.

"तुला माझा राग येतो का गं?"

"नाही."

"थोडासाही?"

"चहा घेशील?" मुलगी विचारायची, आणि आई हात हलवत परत जायची.

आणि नेमकं त्याच दिवसांत घडायचं ते घडलं. आंघोळ करताना मुलीच्या हाताला छातीत डाव्या बाजूला एक गाठ लागली. वाटाण्याएवढी. बोटाखाली सरकत होती. दुसऱ्या दिवशीही होती, आठवड्यानंतरही होती. गाठ म्हणजे काय असू शकतं हे तिनं ऐकलेलं होतं, आणि जे ऐकलं नव्हतं ते मोबाइलवर वाचलं. मोबाइल कोणालाही धीर देत नाही. गरम पाण्याखाली उभी राहूनही तिचे दात वाजायचे. आपण मरणार, आणि पंधराव्या वर्षीच मरणार, याबद्दल तिची खात्री पटत चालली होती.

सांगायचं कोणाला? बाल्कनीत सांगितलं तरी बाबा 'हं' म्हणतील आणि जागच्या जागी कोसळतील. आजी घसा खाकरेल. मामा म्हणेल, आज गरम आहे. शाळेतल्या परिचारिकेनं चारही भाग वाचले होते आणि पाचवा कधी येणार म्हणून ती मुलीला अधूनमधून विचारायची. तिला आई हवी होती. आईच हवी होती, दुसरं कोणी नको. पण आईला सांगायचं म्हणजे प्रकरण सातवं. तिला ते प्रकरण डोळ्यांसमोर दिसायचं: कुरळ्या केसांची मिरची, आरशासमोर, एक हात छातीवर. ते चांगलं उतरणार हेही तिला माहीत होतं, आणि त्याचाच तिला सर्वांत जास्त संताप यायचा. मेले तरी चालेल पण त्या बयेच्या केसांत गुंतून मरायचं नाही, असं तिनं ठरवलं. तीन आठवडे तो निश्चय टिकला.

एका संध्याकाळी आई टेबलाशी बसून संगणकाच्या कोऱ्या पडद्याकडे बघत होती. मुलगी मागे येऊन उभी राहिली.

"आई, बाल्कनीत ये."

आईचा चेहरा आधी उजळला. मग बाल्कनी म्हणजे काय ते तिच्या ध्यानात आलं आणि तो उतरला. तरी ती उठली. दोघी ओल्या चादरींच्या मध्ये उभ्या राहिल्या.

"इथलं छापायचं नाही," मुलगी म्हणाली.

"ठरलंय ना आपलं."

"केस कुरळे करूनही नाही."

"नाही गं."

"मिरचीच्या मैत्रिणीला झालं असं दाखवूनही नाही. मुलगा करूनही नाही. दहा वर्षांनीही नाही."

इथे आई क्षणभर थांबली. तेवढ्या क्षणात मुलीनं तिला अगदी आरपार ओळखलं. या सगळ्या पळवाटा आईनं केव्हाच हेरून ठेवलेल्या होत्या.

"नाही," आई म्हणाली. "कधीच नाही. काय झालंय?"

मुलीनं सांगितलं. प्रत्येक भागात आई आणि मुलीच्या संवादाची दोन सुंदर पानं लिहिणाऱ्या त्या बाईला एक धड वाक्य सुचलं नाही. ती म्हणाली, "कुठे?" मग म्हणाली, "दुखतं?" मग "कधीपासून?" आणि उत्तर ऐकल्यावर, "तीन आठवडे? मला का नाही सांगितलंस?"

मुलीनं आत टेबलाकडे बोट दाखवलं.

आई उपड्या बादलीवर बसली. "बरोबर आहे," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी दोघी डॉक्टरीणबाईंकडे गेल्या. बाईंनी तपासलं, घाबरण्यासारखं वाटत नाही म्हणाल्या, तरी सोनोग्राफी करून घ्या म्हणाल्या. ती झाली आणि निकालासाठी बाहेर बाकावर बसायची वेळ आली. मुलीनं सहज बाजूला बघितलं, तर आईचे ओठ हलत होते. घरात सगळ्यांना ते ओठ ठाऊक होते. आई मनात लिहायला लागली की ते हलायचे, दुधाच्या रांगेत हलायचे, सख्ख्या काकांच्या अंत्ययात्रेतही हलले होते.

"तू लिहितेयस," ती म्हणाली.

"नाही."

"ओठ हलतायत तुझे."

आई ओशाळली. "पाढा म्हणतेय. सतराचा. प्रार्थना कधी पाठ केल्या नाहीत, आता कुठून आठवायच्या?"

"कुठपर्यंत आलीस?"

"सतरा सातेला अडकलेय. मघापासून तिथेच आहे."

"एकशे एकोणीस," मुलगी म्हणाली, आणि तिनं आईच्या खांद्यावर डोकं टेकलं. कितीतरी दिवसांनी तिला मोकळा श्वास घेता आला.

गाठ साधी निघाली. या वयात अनेकींना होते, सहा महिन्यांनी पुन्हा दाखवा, एवढंच. पण डॉक्टरीणबाई एवढ्यावर थांबणाऱ्यांतल्या नव्हत्या. "अहो, तुम्ही मिरचीवाल्या ना? माझी भाची वेडी आहे तुमच्या पुस्तकांची. आता यावर लिहाच. मुली घरी सांगत नाहीत हो, कुढत बसतात. केवढा उपयोग होईल!"

"बघू," आई म्हणाली.

त्या घरात 'बघू' म्हणजे 'हो' असं लहानपणापासून ठरलेलं होतं. वर बाईंचं बोलणं खोटंही नव्हतं. उपयोग झालाच असता, आणि उपयोगाच्या नावाखाली माणूस काय काय करून मोकळा होतो याचा मुलीला चार भागांचा अनुभव होता. पुढचे काही महिने बंद दाराआडून टाइप करण्याचा आवाज येत राहिला. कधी झपाट्यानं यायचा, कधी तासन्तास थांबायचा. मुलीनं विचारलं नाही. आईनं सांगितलं नाही.

पुस्तक आलं त्या दुपारी मुलगी ते घेऊन खोलीत बसली आणि एकेक पान चाचपत पुढे गेली. मिरचीचं मांजर हरवलं होतं. दोनशे पानं ते हरवलेलं होतं आणि शेवटी माळ्यावर सापडलं. गाठ नव्हती. मिरचीच्या मैत्रिणीला नव्हती, कोणा मुलाला नव्हती, मांजरालासुद्धा नव्हती. मुलीनं मागून पुढे पुन्हा चाळलं. घरातलं कोणीच त्यात नव्हतं, आणि त्या घरात मांजर तर कधीच नव्हतं. सगळं आईनं स्वतःच्या मनानं रचलेलं होतं, आणि त्यावरून एक गोष्ट जगजाहीर झाली, की आईला कल्पनाशक्ती अजिबात नाही.

लोकांनी धुलाई केली. 'लेखिकेचा आजच्या मुलींशी संपर्क तुटला आहे,' असं एकानं लिहिलं. प्रकाशकांचे फोन आले, मग येईनासे झाले. आजीनं आपलं एकही वाक्य सापडेना म्हणून अबोला धरला. शाळेत एक मुलगी नाक मुरडून म्हणाली, "तुझ्या आईला झालंय काय? यात तू कुठेच नाहीस." त्या वाक्यानं मुलीला इतका आनंद झाला की तो लपवायला तिला तोंड फिरवावं लागलं.

त्या संध्याकाळी ती आईजवळ जाऊन बसली.

"वाचलंस?" आईनं विचारलं.

"हो."

"कसं झालंय?"

"भिकार," मुलगी म्हणाली. "तुझं सगळ्यात भिकार पुस्तक आहे, आई." आणि तिला बिलगली.

आईनं मान डोलावली. "माहितीये. ते बाल्कनीतलं मी तीनदा लिहिलं होतं. तीनदा पुसून टाकलं."

हे मुलीला नवीन होतं.

"चांगलं झालं होतं?" तिनं विचारलं.

"फार," आई म्हणाली, आणि तिला रडू कोसळलं.