भय्याचा आंबा

विट्याकडच्या आमच्या गावात पुरुषमाणूस बघायचा तर दिवाळी नाहीतर यात्रा गाठावी लागते. एरवी घरटी एकजण सोनं-चांदी गाळायच्या धंद्यात, कुणी तमिळ मुलखात, कुणी पंजाबात. परमुलखात जाऊन बस्तान बसवणारी म्हणून आम्ही मोठी जिद्दीची माणसं. आमच्या द्राक्षबागा मात्र बिहारची माणसं सांभाळतात. त्यांनाही जिद्दीची म्हणायला हरकत नाही, पण तशी पद्धत नाही. त्यांना भय्या म्हणायची पद्धत आहे.

दादासोंच्या बागेतला भय्या सोळा-सतरा वर्षं तिथल्याच पत्र्याच्या खोलीत राहिला. त्याचं नाव बिंदेश्वर महतो, हे गावाला कळलं तो मेल्यावर, दाखला काढताना. त्याची बायको कुंती अजून मोडकंतोडकं मराठी बोलते. पोरगी गुंजा त्या खोलीतच जन्मली, यंदा दहावीला आहे. ती बोलायला लागली की नवख्या पाहुण्याला दादासोंचीच लेक वाटायची. दादासो हसायचे आणि लगेच खुलासा करायचे.

श्रावणात छातीत कळ येऊन भय्या बागेतच गेला. ओढ्याकाठच्या स्मशानात त्याला अग्नी द्यायला कुणी आडवं आलं नाही, लाकडं दादासोंनी दिली. गावाचं भलेपणही सांगायला पाहिजे.

तिसऱ्या दिवशी गुंजा रक्षेचं गाठोडं घेऊन दादासोंच्या दारात उभी राहिली. आमच्याकडं आता बरेच लोक रक्षा नदीत सोडत नाहीत. आपल्या रानात खड्डा काढायचा, त्यात रक्षा टाकायची आणि वर झाड लावायचं. नदी घाण होत नाही आणि गेलेलं माणूस रानात राहतं. दादासोंचे वडील, आबा, असेच विहिरीजवळ आंबा होऊन उभे आहेत, आणि त्या आंब्याचा खड्डा भय्यानंच काढला होता. या रिवाजावर गुंजानं शाळेत निबंध लिहून बक्षीस घेतलं होतं. रिवाज गावाचा आणि आपण गावच्या, असा त्या पोरीचा समज. त्याला आधी स्वतःचं रान लागतं, हे तिच्या डोक्यातच आलं नाही.

"काका, पप्पांचं झाड कुठं लावायचं?" तिनं विचारलं.

दादासो गडबडले. त्यांची आई बयाबाई ओट्यावर बसली होती, तीच म्हणाली, "लाव की गं पाटाकडच्या बांधावर. लय राबलाय त्यो बागंत." मग दादासोंनीही मान हलवली. तसा माणूस वाईट नाही.

आंब्याचं रोप लागलं. गुंजा शाळेतून आली की आधी त्याला पाणी घालायची. भादव्यात त्याला तांबूस पालवी फुटली तेव्हा ती कुंतीला हाताला धरून दाखवायला घेऊन गेली. कुंती रोज तिन्हीसांजेला तिथं पणती लावायला लागली. नवरा गेल्यापासून ती बाई खोलीबाहेर पडत नव्हती, पणतीच्या निमित्तानं तेवढी बाहेर यायला लागली.

दिवाळीला दादासोंचा धाकटा भाऊ जयराज तमिळनाडूतून आला. पंचवीस वर्षं त्याचं तिकडं दुकान आहे, स्वतःचं घर आहे, पोरं तिकडच्या भाषेत भांडतात. बागेत फेरी मारताना त्याला पणती दिसली.

"ह्ये काय रं दादा?"

"भय्याचा आंबा. आईनं लावू दिला."

"आईचं ऱ्हाऊ दे, तुला अक्कल हाय का न्हाई? आज पणती, उद्या दगुड ठेवतील, परवा म्हणतील आमच्या बापाची जागा. बांध काय त्यांच्या नावावर करून देणार हाईस?"

गुंजा शेजारच्याच ओळीत काम करत होती. ती पुढं आली. "आमी जागा न्हाई मागत, काका. निस्तं झाड हाय."

"तुज्या मुलखात न्हेऊन लाव की."

"माजा मुलूख कंचा? मी कवा गेलीच न्हाई तिकडं."

एवढ्यावर न थांबता गुंजा आणखी बोलली, आणि तिनं बोलायला नको होतं असं गावात सगळेच म्हणतात. "तुमी आबांची निम्मी रक्षा तिकडं न्हेली न्हवं? दुकानामागं नारळ लावलाय. तुमीच फोटू दावलाता. तिकडची लोकं काय म्हणाली का?"

"ती गोष्ट निराळी," जयराज ओरडला. "आमी पंचवीस वर्सं घाम गाळलाय तिथं!"

आवाज ऐकून बांधावर आम्ही दहाबारा माणसं जमलो होतो. आमच्यातल्या प्रत्येकाचा कुणी ना कुणी परमुलखात आहे, आणि 'तुमी भायरची' हे तिथं ऐकून आलेला आहे. भय्यानंही इथं घामच गाळला, हे म्हणायला एकाचीही जीभ उचलली नाही. आमच्या रानात लाव म्हणणं तर लांबच. मला आजही आमची चीड येते, पण ती येऊन काय होतं?

भावाभावांत वाद नको म्हणून दादासोंनी रोप काढायचं ठरवलं. पण काढायचं कुणी? रक्षेवरचं झाड उपटणं म्हणजे पाप. गड्याला सांगितलं तर त्यानं कान धरले. जयराजला एकाएकी गावात काम निघालं. शेवटी दादासो खोलीपाशी गेले आणि खाली बघत म्हणाले, "गुंजा, तूच काढ बाळा. तुजा बाप हाय, तुला दोष न्हाई लागायचा."

बयाबाईनं घरातून हळदकुंकू पाठवून दिलं. आधी वाहा आणि मगच हात लाव, असा निरोप होता.

गुंजानं हळदकुंकू वाहिलं. मग खुरपं घेऊन बसली. मुळं खाली चांगली गेली होती, ती तुटू नयेत म्हणून तिनं सगळी माती बाजूनं मोकळी केली. कुंती पदर पसरून माती गोळा करत होती. त्यातली रक्षा कुठली आणि रान कुठलं, हे आता निवडता येत नव्हतं. कुंती रडत नव्हती. गुंजा रडत होती, पण हात थांबू देत नव्हती.

खोलीच्या मागं बागेच्या कामाची एक बादली होती. तिच्यात त्यांनी माती भरली आणि वर रोप खोचलं. गुंजानं तांब्याभर पाणी घातलं.

तेवढ्यात दादासो आले. रोप निघालेलं बघून त्यांना सुटल्यासारखं झालं. त्यांनी बादलीकडं बघितलं. मग म्हणाले, "बरं झालं, पोरी. पर ती बादली उद्याच्याला मोकळी कर. द्राक्षाचं घड बुडवायला सकाळी औषध त्यातच कालवायचं हाय."