सिद्धाप्पाचा डावा पाय

मी सिद्धाप्पाचा डावा पाय बोलतोय. दचकू नका, बाभळीच्या लाकडाचा आहे. सोलापुरातले बंदेनवाजचाचा माझ्यावर कातडं ताणून बूट शिवतात. धंद्यात मला फर्मा म्हणतात. गिऱ्हाइकागणिक वेगळा फर्मा कोरायचा, हा चाचांचा हट्ट. माझं निमुळतं टोक तर त्यांनी आठ दिवस घासून काढलं. आलागेला म्हणतो, "काय सुरेख घाट आहे हो!" आणि चाचा फुगतात.

पण मी वैतागलोय! चौदा वर्षं झाली मला कोरून. लाकूड आहे तसं राहतं, माणसाचा पाय राहतो का? सिद्धाप्पा मैंदर्गीकडचा मेंढपाळ, दिवसभर पायपीट. नवी जोडी सांगायला आला की चाचा टेप घेऊन खाली बसतात आणि हा झटक्यात पाय मागं घेतो.

"नगो चाचा! तुमी वडीलधारी. माज्या पायाला हात लावणार? पाप लागंल मला."

"आरं, मग माप?"

"फर्मा हाय की तुमच्याकडं."

झालं! चाचाही लगेच ऐकतात, कारण माझा घाट मोडणं त्यांच्या जिवावर येतं. एकाला संकोच, दुसऱ्याला कौतुक, आणि मधे मी बोंबलतोय. कोण ऐकतंय?

परवा सिद्धाप्पाची बायको अंबुबाई त्याला ओढतच घेऊन आली. "चाचा, डाव्या बुटात रगात व्हतं आन् ह्येंला पत्ता न्हाय. शुगर हाय. डाक्टर म्हनला, आसंच चाललं तर पाय काढावा लागंल."

"चावत न्हाय की गं," सिद्धाप्पा पुटपुटला. चावणार कसं? पायाला काही कळतच नव्हतं.

चाचांनी एकदा माझ्याकडं पाहिलं आणि ते टेप घेऊन खाली बसले. सिद्धाप्पानं पाय ओढला, तसा त्यांनी घोटाच धरला.

"बस गप! पाप मला लागलंय. चौदा वर्सं लाकडाचा पाय बघत बसलो मी."

मलमपट्टी सांभाळत त्यांनी हलक्या हातानं माप घेतलं. सिद्धाप्पा भिंतीकडं तोंड करून रडत होता.

त्याच दुपारी मला नव्या मापाइतका रुंद करायला माझ्या अंगठ्याशी चामड्याचे जाड तुकडे बसले. घाट गेला, पार बटाटा झालाय माझा. होऊ दे! बाबांनो, माप द्यायला गेलात तर पाय पुढं करा, आणि घेणाऱ्यांनो, जरा खाली वाका.

जखम भरेपर्यंत बूट घालायचा नाही, म्हणून मी फळीवर थांबलोय. भरली, तर माझ्यावर रुंद, बेढब बूट चढेल. नाही भरली, तर त्याचा डावा पाय म्हणून मीच तेवढा उरेन. तसं झालं तर मला चुलीत घाला.