गोळीचं म्हणून दाखवतात ते भोक

मी एक भोक बोलतोय. दचकू नका. झाडं बोलतात, छत्र्या बोलतात, फाटकी चप्पलसुद्धा आपली कर्मकहाणी सांगते आणि तुम्ही डोळे पुसत ऐकता. मग मीच तुमचं काय घोडं मारलंय? मला ना पानं, ना दांडा, ना तळवा. चारी बाजूंनी भिंत आहे आणि मधे जिथे ती नाही तिथे मी आहे.

माझा पत्ता सोपा आहे. जुन्या बंदराच्या मागची अरुंद गल्ली, तळमजल्यावरचं हिरवं दार, दाराच्या उजव्या हाताला, साधारण माणसाच्या नाकाच्या उंचीवर. बोटाची दोन पेरं आत जातात. हे मला इतकं नक्की कसं माहीत, ते पुढे कळेलच.

माझा जन्म एका रविवारी दुपारी झाला. हिरव्या दारामागे तेव्हा एक नवीन जोडपं राहायला आलं होतं. ते दोघं आता काका-काकू झालेत, म्हणून मी त्यांना पहिल्यापासून तसंच म्हणतो. काका चष्म्याच्या दुकानात कामाला होते. चष्म्याच्या काडीतला डोळ्यांना न दिसणारा स्क्रू ते गप्पा मारता मारता बसवत. पण हातात हातोडा आला की त्यांची पाचावर धारण बसे. आणि काका घाबरले की त्यांना जांभई येते. ही त्यांची जुनी खोड आहे. लग्नाच्या फोटोत ते तोंड वासून उभे आहेत. बघणाऱ्याला वाटतं, नवरदेव गातोय.

तर त्या रविवारी काकांनी दोघांच्या नावांची पितळी पाटी दाराशेजारी लावायला घेतली. पहिला खिळा वाकला. दुसरा बसायच्या आधी हातोडा काकांच्या अंगठ्यावर बसला. तिसऱ्या खिळ्याला मात्र काकांनी एक लांबलचक जांभई दिली, डोळे मिटले आणि जीव खाऊन घाव घातला. खिळा मोडला, गिलाव्याचा पोपडा खाली आला, पाटी काकूंच्या पायावर पडली आणि मी जन्मलो. जन्मल्याबरोबर मी जो पहिला शब्द ऐकला तो काकूंचा होता आणि इथे सांगण्यासारखा नाही.

खिळ्याचं मोडलेलं टोक माझ्यातच राहिलं. पाटी जुन्या टॉवेलात गुंडाळून कपाटावर गेली. तिच्यावर नावं काय होती ते मला विचारू नका. मी भोक आहे, मला वाचता येत नाही.

काकूंबद्दल सांगायला हवं. त्या वजनमापं तपासणाऱ्या खात्यात होत्या. गल्लीतला दुकानदार त्यांना बघितलं की तराजू पुसायला घ्यायचा. खोटं त्यांना सोसतच नसे. स्वतःच्या हातची आमटी बिघडली तर पाहुण्यांनी चव घ्यायच्या आधीच त्या सांगून टाकत. साहजिकच दारात आलेल्या प्रत्येकाला त्या माझ्याकडे बोट दाखवून सांगत, "हे ह्यांचं काम." नणंद आली, सांगितलं. पोस्टमन आला, सांगितलं. पत्ता चुकून आलेल्या माणसालाही सांगितलं. पाटी नसल्यामुळे लोकांनी आमच्या घराला 'भोकवाल्यांचं घर' असं नाव दिलं, ते चिकटलं ते चिकटलंच.

काकांनी मला लपवायचे नाना प्रयत्न केले. कॅलेंडर लावावं तर त्यालाही खिळा लागतो. एकदा त्यांनी माझ्यात टूथपेस्ट भरली. ती मुंग्यांनी चार दिवसांत नेली आणि मी पुदिन्याच्या वासाचा राहिलो. पाहुणे यायचे असले की काका आधीच माझ्यासमोर जाऊन उभे राहत आणि तिथूनच सगळ्यांचं स्वागत करत. मला त्यांच्या पाठीचा घाम लागे. मला वाईट वाटायचं हो. आपल्यामुळे एखाद्या भल्या माणसाचं स्वतःच्याच दारात हसं व्हावं, हे भोकालाही लागतं.

मधे बरीच वर्षं कुणी विचारलं नाही. एक गांधीलमाशी काही दिवस राहून गेली. काकूंच्या भाच्याने पेन्सिलीचा तुकडा कोंबला होता, तो पुढे आपोआप पडला. काका-काकू निवृत्त झाले आणि खिडकीत बसायला लागले.

मग गल्लीत गाईड आली.

आता ही भानगड नीट समजून घ्या. आमच्या भागाचं पूर्वायुष्य काही फार सोवळं नव्हतं. जुगाराचे अड्डे, चोरटी दारू, खिसेकापू, बंदरावरून पळवलेला माल, सगळं होतं. पण ते होतं पलीकडच्या गल्लीत. आमच्या गल्लीत बटणं करायचा कारखाना होता आणि लोक अंधार पडायच्या आत जेवून घेत. पुढे पलीकडची गल्ली पाडली आणि तिथे मोटारी उभ्या करायची उंच इमारत झाली. नंतर लोकांना एकाएकी जुन्या पापांची आवड लागली. 'बदनाम वस्तीची पायी सफर' सुरू झाली. आता मोटारी बघायला कोण येणार? तेव्हा जी वाया गेलेली गल्ली होती ती गेली, आणि जी सभ्य राहिली तिच्यावर बदनामीची सोंगं काढायची पाळी आली. बटणांच्या कारखान्याला जुगाराचा अड्डा म्हणायला लागले.

गाईड म्हणजे एक चुणचुणीत मुलगी. आधी ती दारोदार पाण्याचे फिल्टर विकायची. त्यामुळे 'ह्यात काय दडलंय, कल्पना आहे तुम्हाला?' हे वाक्य तिच्या तोंडात तयारच होतं. पहिल्या दिवशी माणसांचा घोळका घेऊन ती आमच्या दाराशी आली आणि तिच्याजवळच्या गोष्टी संपल्या. लोक बघतायत. तिने इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं. तिला मी दिसलो. आणि खिडकीत, एवढी माणसं बघून बावरलेले, मोठी जांभई देणारे काका दिसले.

"हे भोक," ती आवाज खाली आणून म्हणाली, "ह्यात काय दडलंय, कल्पना आहे तुम्हाला? गोळी. ह्या वस्तीवर एका माणसाची दहशत होती. जांभईवाला. समोरच्याला उडवायच्या आधी तो निवांत जांभई द्यायचा."

आणि तिने ती देऊन दाखवली. जांभईचं कसं असतं तुम्हाला ठाऊक आहे. पुढच्या रांगेला आली, तिथून मागच्या रांगेला गेली, रस्त्यावरून चाललेल्या सायकलवाल्यालाही लागली. भरल्या उन्हात वीसेक माणसं तोंडं वासून उभी राहिली आणि वरून म्हणाली, "अंगावर काटा आला."

तेव्हापासून मी सफरीचा शेवट झालो. लोक मोबाइलचा उजेड पाडून आत डोकावतात, त्यांना खिळ्याचं टोक चमकताना दिसतं आणि ते हळूच म्हणतात, "आहे, अजून आहे." मग बोट घालतात. हात लावू नका म्हटलं की हमखास घालतात. मी डॉक्टरांची बोटं पाहिली, वकिलांची पाहिली, अंगठी अडकवून बसलेल्या एका नवऱ्या मुलाचं तर जवळजवळ तासभर पाहिलं. आणि एक गोष्ट सगळ्यांत सारखी आहे. बोट बाहेर काढलं की माणूस ते हुंगतो. शिकलेला असो, अडाणी असो, हुंगतोच. कसला वास येईल अशी आशा असते, देव जाणे.

काकूंना हे सहन होणं शक्यच नव्हतं. दुसऱ्याच सफरीला त्यांनी खिडकीतून डोकं बाहेर काढलं.

"गोळी नाही ती, खिळा आहे. ह्यांनी ठोकला होता. माझ्या पायावर पाटी पडली होती."

गाईड जराही गडबडली नाही. तिने घोळक्याला जवळ बोलावलं. "बघितलंत? इतकी वर्षं झाली, पण इथली माणसं अजून तोंड उघडायला घाबरतात."

लोकांनी काकूंकडे इतक्या कळवळ्याने पाहिलं की त्या खिडकी लावून आत गेल्या. मग प्रत्येक सफरीला हेच. काकू खरं सांगायच्या आणि जितकं ठासून सांगायच्या तितकी गोळी पक्की व्हायची. एका बाईंनी तर त्यांचा हात हातात घेऊन धीर दिला.

काकांचं मात्र निराळंच चाललं होतं. सफरीच्या वेळेला ते इस्त्रीचा शर्ट घालून खिडकीत बसायला लागले. उभ्या जन्मात पहिल्यांदाच मी त्यांची चूक नव्हतो.

"लोक म्हणतात, गोळी आहे," ते एकदा चहा पिता पिता म्हणाले.

"लोक काहीही म्हणतील. खिळा होता."

"होता गं. पण सगळ्यांना कळायलाच हवं का ते?"

काकू कपात चमचा फिरवत राहिल्या. मला सगळं ऐकू येतं. काकांचा आवाज इतका बारीक झाला होता की मला भरून आलं. भोकाला भरून येणं चांगलं नसतं, पण आलं.

आणि नेमकं तेच संकट दारात उभं राहिलं. घरमालकाने इमारतीच्या बाहेरच्या भिंती नीट करायला काढल्या. गवंडी आला, जुना गिलावा खरवडत खरवडत माझ्यापर्यंत पोचला. थापीवर सिमेंटचा माल घेतला. तेवढ्यात गाईड धावत आली आणि माझ्यासमोर हात पसरून उभी राहिली.

"हे बुजवू नका. माझी अख्खी सफर ह्याच्यावर आहे. हे गेलं तर मला पुन्हा फिल्टर विकावे लागतील."

"माल सुकतोय," गवंडी म्हणाला.

घरमालक खाली आला. सावध माणूस. त्याने मला नीट न्याहाळलं, बोट घातलं, हुंगलं आणि निकाल दिला. "खरंच गोळीचं असेल तर इतिहास आहे, ठेवू. खिळ्याचं असेल तर बुजवा. काकूंना विचारा. त्या म्हणतील ते खरं, त्या खोटं बोलायच्या नाहीत."

माझं संपलंच होतं. काकू दारात आल्या. आयुष्यभर ज्या बाईने रस्त्यावरच्या परक्या माणसालाही माझी जन्मकथा सांगितली, तिला आज खुद्द घरमालक विचारत होता. गाईडने डोळे मिटून घेतले. आणि खिडकीत काका बसले होते, इस्त्रीचा शर्ट घालून. एक जांभई संपायच्या आत त्यांना दुसरी येत होती.

"खरं सांगायचं तर," काकूंनी सुरुवात केली. मग त्यांनी खिडकीकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं. गवंड्याच्या थापीवरून थोडा माल खाली पडला.

"गोळी," काकू म्हणाल्या.

"नक्की?"

"गोळीच. आणि हे तेव्हा इथेच होते. पळाले नाहीत."

घरमालकाने मान हलवली. गवंडी कुरकुरला, पण माझ्या कडेने त्याने इतका सुबक गिलावा केला की मी जन्मल्यापासून इतका देखणा कधी दिसलो नव्हतो.

घरात मात्र वादळ झालं. "माझ्या तोंडून खोटं वदवलंत," काकू म्हणाल्या. खरं तर काकांनी तोंडातून ब्रही काढला नव्हता, पण त्यांनी मान डोलावली. काकू तीन दिवस धड जेवल्या नाहीत. चहात साखर कधी नाही ती कमी-जास्त पडायला लागली. शेवटी त्यांनी कपाटावरची पाटी काढली, टॉवेल सोडला आणि पाटी काकांच्या हातात दिली.

"लावा. एवढं खोटं बोलले आहे तुमच्यासाठी, आता निदान पाटी लावा."

काकांनी ह्या वेळी दाराची डावी बाजू निवडली. मला दिसत होतं, गिलावा अजून पुरता वाळला नव्हता. ओरडून सांगावंसं वाटलं, पण आपलं ऐकतंय कोण. काकांनी जांभई दिली, डोळे मिटले आणि घाव घातला. पोपडा असा खाली आला की काकांचे केस पांढरे झाले. म्हणजे होते त्याहून पांढरे. पाटी काकूंच्या त्याच पायावर पडली. त्यांनी तोच शब्द उच्चारला. आणि मला धाकटा भाऊ झाला.

नेमक्या त्याच वेळी गाईड घोळका घेऊन कोपऱ्यावरून वळली. सगळे थांबले. समोर दोन भोकं, चुन्याने माखलेले काका, हातात हातोडा.

काकू पाय चोळत उभ्या राहिल्या. घोळक्याकडे वळल्या. चेहऱ्यावर अशी शांती होती की तीन दिवसांची भूक फिटली असावी.

"दोन्ही ह्यांनीच पाडलीत," त्या खणखणीत आवाजात म्हणाल्या. "ते आम्ही इथे राहायला आलो तेव्हा. हे आत्ता."

घोळका एक पाऊल मागे सरकला. लोकांनी माझ्याकडे पाहिलं, भावाकडे पाहिलं, मग काकांकडे. एवढी माणसं आपल्याकडे बघतायत म्हटल्यावर काकांना व्हायचं तेच झालं. त्यांनी तोंड उघडलं आणि सावकाश, भलीमोठी जांभई दिली.

मागचे तिघे तर पळालेच. उरलेल्यांपैकी एकाने थरथरत विचारलं, "साहेब, एक फोटो काढू का?"

आता गल्लीत आम्हाला भोकवाले कुणी म्हणत नाही. दुकानदार काकांना वाट सोडतो. काकू प्रत्येक सफरीला दारात येऊन सगळं खरं खरं सांगतात, खिळ्यासकट, पाटीसकट, आणि लोक काकांकडे बघत एकमेकांचे हात घट्ट धरतात. काकूंची भूक परत आली आहे. पाटी खिडकीच्या गजाला सुतळीने बांधली आहे. तीही थोडी तिरकीच आहे.

परवा गल्लीत कुणी नाही असं बघून काकू बाहेर आल्या. इतक्या वर्षांत त्यांनी मला कधी हात लावला नव्हता. त्यांनी माझ्यात बोट घातलं, आतल्या खिळ्याच्या टोकावरून हळूच फिरवलं. मग बाहेर काढून इकडेतिकडे पाहिलं आणि हुंगलं.

तेव्हा तुम्हीही या. भावालाही बोट घाला, तो नवीन आहे, त्याला बरं वाटेल. फक्त हात धुऊन या. आणि खिडकीतल्या गृहस्थांना बघून जांभई आली तर दाबू नका, मोकळी द्या. माणूस फार भित्रा आहे, सोबत मिळाली की त्याला आधार वाटतो.