पहाटमणी

आमच्या बाबांच्या हातात कला होती आणि डोक्यात हवा. जगातल्या पहिल्या पहाटेचा उजेड त्यांनी तीन मण्यांत कोंडला आणि घराचं वाटोळं केलं. एक मणी राजाच्या मुकुटात गेला. राज्य जळून खाक झालं. दुसऱ्यापायी काका समुद्रात बुडाले. लोक त्यावर गाणी गातात. काकू अजून दाराकडे डोळे लावून बसते, तिच्यावर कुणी एक ओळ जोडलेली नाही. असला संताप होतो माझा!

तिसऱ्यासाठी माझे दोघे भाऊ एकमेकांच्या जिवावर उठले. दादाने तलवार चालवली, धाकट्याने मणी गिळला आणि रक्ताळलेला माझ्या कामाच्या खोलीत येऊन पडला. मरताना त्याने तो माझ्या मांडीवर ओकला. मी त्याला पुरलं, मणी घासायला लाखेने काडीला चिकटवला आणि खडे घासायच्या चाकाशी बसले. पण बाबांचं काम मोडायला हात धजेना.

भरदुपारी दादा दारात उभा.

"धाकट्याला कुठे पुरलंस?"

आला बिचारा शेवटी भानावर, असं वाटलं. काडी ठेवली, त्याला पाणी दिलं.

"चल, दाखवते. टेकाडामागे, आपण खेळायचो तिथेच."

तो घटाघटा पाणी प्यायला. "कुदळ आहे ना गं तुझ्याकडे?"

"कुदळ कशाला?"

"मणी त्याच्या पोटात आहे. त्याला आता काय करायचाय?"

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी पुन्हा चाकाशी बसले आणि काडी उचलली.

"पोटात नाही, दादा. हा बघ."

"अगं, नको!"

उजेड कोंडलेला खडा एका अंगाने कच्चा असतो, हे बाबांनी मला शिकवलं होतं. तेच अंग फिरत्या चाकावर दाबलं. मण्याची भुकटी झाली. खोली क्षणभर लख्ख झाली, मग उजेड खिडकीतून निघून गेला. बाहेर आधीसारखीच दुपार होती.

दादा गुडघ्यांवर बसून भुकटी गोळा करू लागला, ओक्साबोक्शी रडत. धाकट्यासाठी त्याने डोळ्यांतून टिपूस काढलं नव्हतं.

"माझा मणी गं," तो म्हणत होता.

"तुझा भाऊ होता तो," मी ओरडले. त्याने वरही पाहिलं नाही.

अंधार पडायच्या आत तो भुकटीची पुरचुंडी छातीशी धरून निघाला. टेकाडाकडे वळलाच नाही.