नोरीनचा नुसता चेहरा

नोरीन सगडनला बुटांची बक्कलं लावायला आता खाली वाकवत नव्हतं. टोकदार काळे बूट, घोट्यापासून पार गुडघ्यापर्यंत बक्कलंच बक्कलं. तरुणपणी हौसेने घेतले तेव्हा गुडघेही एक दिवस म्हातारे होतात हे तिला कुणी सांगितलं नव्हतं. बूट तरी शेवटी घालायचे. त्याआधी चेहरा पांढराफटक करायचा, काजळ कानशिलापर्यंत ओढायचं, ओठ काळे करायचे, केस उलटे विंचरून फवारा मारमारून उभे करायचे. पांढरा रंग सुरकुत्यांत जाऊन बसायचा, तो बोटाने काढून पुन्हा लावायचा. मग काळ्या लेसचा झगा, गळ्यात चांदीची वटवाघळं. आणि एवढं करून समुद्रावरच्या बोचऱ्या वाऱ्यात बसची वाट बघत उभं राहायचं, म्हणजे केसांचं पुन्हा वाटोळं.

स्कार्नबी गावात याचं कुणाला नवल नव्हतं. वर्षातून दोनदा देशभरातले गॉथ, म्हणजे काळे कपडे घालून नि चेहरे भुतासारखे रंगवून हिंडणारी हौशी मंडळी, तिथे जमतात. कड्यावरच्या पडक्या मठात थडग्यांना टेकून, जगाचा वीट आल्यासारखे चेहरे करून फोटो काढून घेतात आणि मग मुकाट रांग लावून तळलेला मासा नि बटाटे खातात. गावाला तेवढाच धंदा. जत्रा संपली की ही मंडळी रंग पुसून आपापल्या कचेऱ्यांत परत जातात. नोरीन मात्र बाराही महिने तशीच राहत आली होती. हार्डवेअरच्या दुकानात गल्ल्यावर बसून उभा जन्म खिळे नि नळाचे वायसर विकले, तेही याच अवतारात.

आता तिला या सगळ्याचा मनस्वी कंटाळा आला होता. सकाळी उठावं, तोंडावर पाणी मारावं, एखादा लोकरी स्वेटर अडकवावा आणि चालू पडावं, एवढीच तिची इच्छा होती. पण क्लाइव्ह होता.

क्लाइव्ह तिचा नवरा. लोकांच्या घरचे गॅसचे बंब दुरुस्त करायचा, तोही नखांना काळा रंग लावून. दोघांची गाठ लीड्सच्या एका तळघरातल्या क्लबात पडली, आणि तेव्हापासून दोघंही काळ्यातच राहिली. आता तो टेकडीवरच्या वृद्धाश्रमात होता. विसरण्याच्या आजाराने त्याचं एकेक करून सगळं नेलं होतं: भाऊ, घर, सकाळचं जेवण झालं की नाही ते. नोरीनचा नुसता चेहरा त्याने कधी पाहिलाच नव्हता असं नाही, पण तो दिवा मालवल्यावर किंवा अर्धवट झोपेत. त्याच्या मनात टिकली ती क्लबातली नोरीन. ती दारात दिसली की त्याचा चेहरा खुलायचा. "आलीस? किती वेळ लावतेस गं नटायला!" हे एक वाक्य ऐकायला ती रोज नटत होती.

एके दिवशी आश्रमाच्या व्यवस्थापिकेने, लिनेटने, तिला आपल्या खोलीत बोलावलं. आधी चहा दिला. तेव्हाच नोरीनच्या मनात पाल चुकचुकली.

"कसं सांगू गं तुला," लिनेट म्हणाली. "कोपऱ्यातल्या खोलीतल्या मिसेस ओल्डरॉयडनं काल तुला पॅसेजमध्ये पाहिलं. तिला वाटलं, न्यायलाच आली."

"कोण आली?"

"मृत्यू गं, आणखी कोण! म्हणे, 'आज नको बाई, गुरुवारी माझी मुलगी यायचीय.' तेव्हापासून दाराला आतून खुर्ची लावून बसलीय. घासभर अन्न पोटात नाही."

वीस वर्षांपूर्वी हे ऐकून नोरीन फुशारली असती. एवढा काळा रंग फासला त्याचं कुणीतरी चीज केलं, असं म्हणाली असती. आज तिला त्या म्हातारीच्या खुर्चीचं फार वाईट वाटलं.

"थोडे दिवस साधी ये ना," लिनेट म्हणाली.

"साधी म्हणजे?"

"म्हणजे आपली माणसासारखी..." लिनेटने जीभ चावली. "तसं नव्हतं म्हणायचं मला."

"कळलं," नोरीन म्हणाली. आणि खरं सांगायचं तर तिला हायसं वाटलं. आपल्याला जे ठरवता येत नव्हतं ते दुसऱ्याच कुणीतरी ठरवून टाकलं होतं. त्या हायसं वाटण्याची तिला घरी जाईपर्यंत लाज वाटत राहिली.

दुसऱ्या दिवशी तिने नुसतं तोंड धुतलं. पांढरे केस चापूनचोपून बसवले. बहिणीने कधीतरी नाताळात दिलेला तपकिरी स्वेटर काढला, त्याचं लेबलही तसंच होतं. पायांत सपाट बूट. एवढं करूनही बस यायला भरपूर वेळ उरला, तेव्हा तिने दुसरा चहा केला आणि तो बसून प्यायली. बसचा ड्रायव्हर रोज "काय बाई, आज कुणाला पुरायला निघालात?" म्हणून छेडायचा. आज त्याने मान वरही केली नाही. कुणीच तिच्याकडे बघत नव्हतं. बरं वाटत होतं, पण क्लाइव्हनेही ओळखलं नाही तर? ती मनाला समजावत राहिली. नाकडोळे तेच आहेत, आवाज तोच आहे, एवढा संसार झालाय, ओळखेलच की.

क्लाइव्ह खिडकीशी बसला होता. त्याने तिच्याकडे पाहिलं आणि अदबीने म्हणाला, "या, या. पायांची नखं कापायला आलात का?"

"नाही. सहज भेटायला."

"बरं केलंत. फक्त त्या खुर्चीवर नका बसू हं. ती माझ्या बायकोची जागा. येईलच एवढ्यात. नटायला फार वेळ लावते."

नोरीन बाजूच्या स्टुलावर बसली. "क्लाइव्ह," ती हळूच म्हणाली, "अरे, मीच नोरीन."

तो हसला. चेष्टा समजल्यासारखा, पण मायेने. "नाही हो. नोरीन अशी नाही. ती रस्त्याने गेली की लोक वळून बघतात. तुम्ही... म्हणजे वाईट नका वाटून घेऊ."

"नाही वाटून घेत," ती म्हणाली. पण वाटलं होतंच. पर्समध्ये काजळ होतं. न्हाणीघरात जाऊन निदान डोळ्यांभोवती ते तरी ओढून यावं, मिसेस ओल्डरॉयड गेली खड्ड्यात, असं मनात येऊन ती उठलीच.

"बाई, जरा थांबा," क्लाइव्ह म्हणाला. "तुम्ही इथे येत-जात असता ना? माझं एक काम कराल?"

"सांगा."

त्याने दाराकडे बघून आवाज खाली आणला. "ती रोज येते हो. पाऊस असो, वारा असो. पण दमलीय ती. एवढा पांढरा रंग थापते, तरी त्याच्याखालून दिसतं मला. खुर्चीवर टेकताना दात आवळते. लोकांना वाटतं मला काही कळत नाही. हे कळतं."

नोरीन पुन्हा स्टुलावर बसली. "मग तिलाच का नाही सांगत?"

"रोज ठरवतो. पण ती आली की इतका आनंद होतो ना, की सांगायचं विसरूनच जातो." तो खजील होऊन हसला. "तुम्ही सांगा. म्हणावं, रोज नको येऊस. घरी पाय वर करून पड. चहा पी. क्लाइव्हचं इथे छान चाललंय म्हणावं."

"सांगते."

"नक्की?"

"नक्की. पण ती खरंच आली नाही तर?"

बाहेर पॅसेजमध्ये कुणाचीतरी पावलं वाजली तसा क्लाइव्ह ताठ झाला, मग पावलं पुढे निघून गेली.

"मग काय, वाट बघत बसेन," तो म्हणाला. "पण हे नका हं सांगू तिला."

"नाही सांगत," नोरीन म्हणाली. ती स्टुलावरच बसून राहिली, आणि तो दाराकडे बघत राहिला.