मुळावर आलेलं गिऱ्हाईक

चालणारी झाडं त्या गावाला नवीन नव्हती, पण सुताराच्या दुकानाकडे आजवर एकही फिरकलं नव्हतं. त्यामुळे भर दुपारी एक म्हातारं झाड दारात वाकून उभं राहिलं, तेव्हा सुताराच्या हातातला रंधाच गळून पडला. तीस वर्षांत कापलेली एकूण एक फळी त्याच्या डोळ्यांपुढून सरकली.

"आजोबा, मी वाळलेलंच लाकूड कापतो हो! माझ्या मुळावर का आलात?"

"तुझ्या कशाला? माझ्याच मुळांवर आलोय, चालत. तीच ठणकताहेत." झाडाने वादळात मोडलेली आपलीच फांदी पुढे केली. "हिचं बसायला काहीतरी कर. तीनशे वर्षं उभाच आहे."

सुतारणीला हसू आवरेना. "अहो, घाम पुसा आणि माप घ्या!"

संध्याकाळी बाक तयार झाला. झाड जपून टेकलं, "हाऽऽश" म्हणालं आणि बुंध्यापासून शेंड्यापर्यंत फुलून आलं. सुताराच्या टकलावर पाकळ्यांचा सडा पडला.

दुकान बंद करायची वेळ झाली, तरी झाड हलेना.

"आता हे उठणार कधी?" सुतार कुजबुजला.

"बसू द्या की," सुतारीण म्हणाली. "तुम्हाला कधी कुणी उठवलंय?"