शेवंताबाईंच्या अपिलाची पोच

मी कोणी मोठा कागद नाही. शेवंताबाईंच्या अपिलाची पोच आहे मी. अपील दाखल करून घेतलं म्हणून कार्यालयानं शिक्का मारून परत दिलेली प्रत.

माझा जन्म धुळ्यातल्या एका टायपिंगच्या दुकानात झाला. शेवंताबाई शिंदखेड्याकडच्या एका खेड्यात अंगणवाडी सेविका. तपासणीच्या दिवशी गैरहजर सापडल्या म्हणून त्यांना काढून टाकलं. त्या दिवशी त्या तापानं फणफणलेलं एक पोर कडेवर घेऊन दवाखान्यात गेल्या होत्या. वय तेव्हा एकसष्ट, निवृत्ती पासष्टला. निवृत्त व्हायचं ते अंगणवाडीतूनच, डाग पुसून, एवढंच त्यांनी माझ्यात मागितलं होतं.

शिक्क्याची जांभळी शाई ओली होती, तेव्हा त्यांनी माझ्यावर हलकेच फुंकर घातली. ती अजून आठवते.

मग आमच्या फेऱ्या सुरू झाल्या. साडीच्या दुकानाच्या पिशवीत मी आणि शेजारी फडक्यात कळण्याची भाकरी. एसटीत त्या मला मांडीवर धरून पोरांची गाणी गुणगुणायच्या. कार्यालयातले कारकून बन्सीलाल भाऊसाहेब मान वर न करता म्हणायचे, "अक्का, साहेब दौऱ्यावर. पुढची तारीख घ्या."

"भाऊ, साहेब हापिसमा कव्हय ऱ्हातस?"

"ते साहेबांनाही सांगता येणार नाही, अक्का."

दोघंही हसायचे. शेवंताबाई माझ्या पाठीवर नवी तारीख लिहायच्या. किती सुखाचे दिवस होते ते; कारण तेव्हा आशा होती. तीन साहेब बदलले. गाणी थांबली. एका सकाळच्या कामाला चार वर्षं का लागावीत, हे मला कुणीच सांगितलं नाही.

मी घड्यांवर फाटू लागले, तेव्हा त्यांच्या मुलानं, योगराजनं, मायेपोटी मला लॅमिनेशन करून आणलं. पुढच्या तारखेला शेवंताबाईंनी पेन टेकवलं, तर शाई धरेना.

"आते तारीख कोठे लिखू रे योगराज?"

योगराज ओशाळला. मुलगी नूतन मात्र म्हणाली, "बरं झालं. आता तारखा पुरे, हायकोर्टात जाऊ."

"कोर्टमा गऊत ते साहेबले राग यी."

"माय, चार वरीसमा राग बी नही उना नि दया बी नही उनी."

संभाजीनगरला, खंडपीठाबाहेर, कोकिळा वकीलबाईंनी मला उलटसुलट पाहिलं. "अक्का, कोर्ट तुमचं अपील ठरवणार नाही. ज्यांनी ठरवायचं, त्यांनाच मुदत घालून ठरवायला लावेल."

"मंग इतलं दूर कसाले उनूत?"

"त्या मुदतीसाठीच."

सरकारी वकील म्हणाले, अपील विचाराधीन आहे. न्यायमूर्तींनी विचारलं, कधीपासून? वकीलबाईंनी मला पुढे केलं. पुढच्या बाजूला शिक्का, मागे एकोणतीस तारखा. सहा आठवड्यांत निकाल द्या, असा हुकूम झाला.

पाचव्या आठवड्यात साहेब दौऱ्यावर नव्हते. त्या आजारी पोराच्या आईचा जबाब पहिल्या दिवसापासून फाईलीतच होता. तो वाचून निकाल द्यायला चाळीस मिनिटं लागली. शेवंताबाई निर्दोष ठरल्या. निवृत्तीला तेवीस दिवस उरले होते.

ज्यांच्यासाठी त्या झुरल्या, ती पोरं आता मराठी शाळेत तिसरी-चौथीला. नवी पोरं पहिल्या दिवशी सोबत आलेल्या, ओळखीच्या नूतनच्या पदराआडून विचारत होती, "हाई कोन शे?" तेवीस दिवसांत शेवंताबाईंनी सगळ्यांची नावं पाठ केली.

आता मी पत्र्याच्या पेटीत असते. मला राग आहे, तो नकाराचा नाही. साहेब, नाही म्हणायचं असेल तर खुशाल नाही म्हणा. पण वेळेत म्हणा. आणि ज्यांचं अपील पडून आहे, त्यांनी वर्षानुवर्षं वाट पाहू नये. मुदत मागायला कोर्टाचं दार आहे.

काल शेवटचा दिवस होता. शेवंताबाईंनी हजेरीपुस्तकात सही केली, तेव्हा एक चिमुरडी त्यांच्या मांडीवर येऊन बसली आणि म्हणाली, "बाई, तुम्ही उद्या पण या."